ओल्या मातीवरचा शॉट

दिवाकर वैरागडेला मोटारसायकल चालवता येत नव्हती. हे आधीच सांगून टाकतो, कारण बाहेरच्या माणसाचा यावर विश्वास बसत नाही. ज्याच्या शर्यतींच्या फिल्मा पुण्या-मुंबईच्या लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवत पाहिल्या, ज्यानं आयुष्य धुळीत आणि इंजिनाच्या आवाजात काढलं, तो माणूस स्वतः हिंगणघाटात सायकलवर फिरे, आणि गाव लांब असलं तर एसटी पकडे. माझ्या स्कूटरवर मागं बसला की दोन्ही हातांनी माझं पोट असं आवळी की मला श्वास घेणं कठीण. गतिरोधक दिसला की कानात ओरडे, "गजा, आला बरं, आला." मी एकदा चिडून विचारलं, भाऊ, दिवसभर ते पोट्टे गाड्या हवेत उडवतात ते पाहता, तेव्हा नाही भीती वाटत? तर म्हणाला, "तवा मी काचेच्या अलीकडं असतो ना."

तो गेल्या उन्हाळ्यात गेला. त्यावर पुष्कळांनी लिहिलं. मोटारस्पोर्टवर माहितीपट काढणारा विदर्भातला पहिला माणूस, आणि काय काय. आणि लेखाबरोबर सगळ्यांनी तोच एक फोटो छापला : मावळतीच्या उन्हात हवेत उडालेली गाडी आणि तिच्यावर वाकलेला अंकुश नावाचा रायडर. तो फोटो पाहून माझं डोकं फिरलं. हा फोटो आपल्या नावाबरोबर छापला जाऊ नये म्हणून माणूस आयुष्याची शेवटची वर्षं देवाला हात जोडत होता, आणि तुम्ही तोच छापता. म्हणून मी लिहायला बसलो. मला लिहायची सवय नाही. माझा धंदा लाऊडस्पीकरचा.

बाजारात त्याचा फोटो स्टुडिओ आणि माझं भोंग्यांचं गोदाम यांच्यामध्ये एकच भिंत होती. लग्नात तो शूटिंग करी, मी गाणी वाजवी, त्यामुळे आम्ही एकाच मांडवात घामेजत असू. पुढे तो फिल्मा करू लागला तेव्हा म्हणाला, आवाज तू घे. मी म्हटलं, भाऊ, मला आवाज वाजवता येतो, घेता येत नाही. तर म्हणे, "वाजवता येते त्याले ऐकता येतेच," आणि त्यानं लांब काठीला बांधलेला एक माईक माझ्या हातात दिला. माझं शिक्षण एवढंच.

अंगानं ठेंगणा, आवाज मात्र मोठा. भर वैशाखातही खिशाखिशांचं खाकी जाकीट घालायचा. एका खिशात भिंगं पुसायचं फडकं आणि दुसऱ्यात वर्ध्याचा गोरसपाक, म्हणजे तुपातली जाड बिस्किटं. शर्यतीच्या आधी तो प्रत्येक रायडरला एक गोरसपाक देई आणि चावताना त्याच्या तोंडाकडे टक लावून पाही. पोरांना वाटे, भाऊ मोठा मायाळू. माया होतीच, पण हिशेबही होता. मला हळूच सांगे, "ज्याच्या तोंडात बिस्कीट फिरून राह्यलं पण गिळल्या नाई जाऊन राह्यलं, त्याच्यावर माईक धर. आज तोच आपला मानूस." दहातून नऊदा त्याचं खरं निघे. कोण जिंकणार हे त्याला कधी कळलं नाही आणि त्यात त्याला रसही नव्हता.

लग्नाच्या धंद्यानं त्याला एक खोड मात्र लावली होती. कोणतीही गोष्ट एकदा झाली म्हणजे झाली, हे त्याला मान्यच नसे. नवरीनं हार घातला, अक्षता पडल्या, टाळ्या वाजल्या, की हा स्टुलावरून हात वर करी, "एक डाव अजून." वडनेरच्या एका लग्नात नवरीच्या मामानं त्याची कॉलर धरली. म्हणे, एका पोरीचं दोनदा लगन लावतं का रे? भाऊ शांतपणे म्हणाला, मामाजी, पहिल्या खेपेला तुमचाच हात आडवा आला, भाची दिसलीच नाही. मामानं कॉलर तर सोडलीच, वर दुसऱ्या खेपेला स्वतः चार पावलं मागे सरकून उभा राहिला.

त्याच लग्नात पाठवणीच्या वेळी नवरीची आई रडली, ते कॅमेऱ्यात आलं नाही. बॅटरी संपली होती. भाऊनं बॅटरी बदलली आणि त्या बाईपुढे जाऊन हात जोडले : मावशी, एक डाव अजून. मी म्हटलं, आता हा मार खाणार. पण बाई पुन्हा पोरीच्या गळ्यात पडली आणि या खेपेला अशी रडली की मी गाणं बंद केलं. परतताना तो मला म्हणाला, "पाह्यलं? पहिल्यांदा मानूस लोकायसाठी रडते, गजा. दुसऱ्यांदा त्याले कळते आपून कायले रडून राह्यलो. दुसऱ्यांदाचं खरं असते." मला ते पटलं. तो बोलायचाच असा की पटावं.

शर्यतींच्या नादाला तो लागला ते हायवेवरच्या जाम गावच्या चौकात. एका उन्हाळ्यात गाड्यांची एक मोठी रॅली हायवेनं हैदराबादकडे निघाली होती आणि जामला जेवायला थांबली होती. त्यांच्या मुंबईच्या कॅमेरावाल्याला ऊन लागलं. आमचं ऊन म्हणजे काय चेष्टा आहे? हॉटेलवाल्यानं दिवाकरभाऊचं नाव सांगितलं, आणि हा लग्नाची पंगत उरकून तिथं हजर. त्याला सांगितलं होतं, गाड्या सुसाट जाताना घे. यानं काय घेतलं? ट्रकच्या खाली हातात पाना धरून झोपलेला मिस्त्री. हापशावर फोड आलेले पाय धुणारा ड्रायव्हर. हाताला पट्टी बांधलेला एक गडी, घरी फोनवर सांगतो आहे की इकडे मजेत आहे, काही लागलं-बिगलं नाही. रॅलीचा साहेब आधी खूप ओरडला. मग त्यानं ते घरी नेऊन पाहिलं, आणि पुढच्या वर्षी भाऊला बोलावणं आलं.

तिथून तो दक्षिणेतल्या ट्रॅकवर गेला, राजस्थानच्या वाळूत गेला. हिंगणघाटात कोणाला पत्ता नव्हता. लोकांना वाटे, बाहेरगावची लग्नं मिळायला लागली याला. त्याची पहिली फिल्म टायर बदलणाऱ्या गड्यांवर होती, दुसरी एका रायडरच्या बायकोवर, जी नवऱ्याची शर्यत चालू असताना गाडीतळावर शर्यतीकडे पाठ करून बसते. "शर्यत तर टीव्हीवरबी दिसते," तो म्हणे, "शर्यतीच्या आधीचा मानूस कुठं दिसते?" नाव होत होतं, पण हळूहळू. मग त्याला अंकुश भेटला.

अंकुश उईके अल्लीपूरचा. त्याचा बाप जंगलात मजुरीला जायचा, तो लवकर वारला. आई सुगंधाबाई, घरचं थोडं वावर पाहून दुसऱ्यांकडे कापूस वेचायला जाई. मायलेक आपसात गोंडी बोलत, आमच्याशी वऱ्हाडी. अंकुश रस्त्याकडेला टिनाच्या शेडमध्ये मोटारसायकली दुरुस्त करी आणि भंगारातले भाग जोडून त्यानं स्वतःसाठी शर्यतीची एक गाडी बनवली होती. तेव्हा आमच्याकडे मातीच्या शर्यती नुकत्याच सुरू झाल्या होत्या. कापूस निघाला की पडीत जमिनीवर वळणं आखायची, मध्ये मातीचे उंचवटे रचायचे आणि पोट्ट्यांनी त्यांवरून गाड्या उडवत फेऱ्या मारायच्या. नागपूर-अमरावतीचे पोट्टे कंपनीच्या कोऱ्या गाड्या घेऊन येत, आणि त्यांच्यात हा भंगाराची गाडी घेऊन. भाऊ म्हणाला, पुढची फिल्म याच्यावर.

सुगंधाबाई पोराला जाऊ देत नव्हती. हातपाय मोडून घेशील म्हणे. पण तिच्या मोठ्या पोरीच्या लग्नाचं शूटिंग दिवाकरभाऊनंच केलं होतं, आणि त्या फिल्ममध्ये तिचा वारलेला नवरा नाचताना दिसे. त्यामुळे या माणसावर तिचा देवासारखा विश्वास. शूटिंगवाले भाऊ सोबत असतील तर जा, असं तिनं पोराला सांगितलं, आणि आम्ही निघताना भाऊला म्हणाली, "तुमच्या भरवशावर पाठवून राह्यली, भाऊ." भाऊनं छातीवर हात ठेवून हो म्हटलं. आम्ही पोराला घेऊन निघालो.

शर्यत जामच्या अलीकडे होती. अंकुश दुसरा आला. हे मी मुद्दाम ठळक सांगतो. नागपूरच्या एका गड्याच्या मागोमाग, बाकी सगळ्यांना मागं टाकून, भंगाराच्या गाडीवर तो दुसरा आला आणि त्याला शील्ड मिळालं. भाऊचं मात्र तोंड उतरलं होतं, कारण शेवटच्या फेरीतल्या सगळ्यात मोठ्या उडीच्या वेळी कोणीतरी टोपी उडवत कॅमेऱ्यापुढे आडवा आला होता. गर्दी जामकडे पांगली; अल्लीपूरचं तर कोणी आलंच नव्हतं. दुसऱ्या दिवशीच्या शर्यतींसाठी धूळ बसावी म्हणून भरवणाऱ्यांनी टँकरनं पाणी मारलं. संध्याकाळचं ऊन तिरपं झालं, माती सोन्यासारखी दिसायला लागली, आणि भाऊनं त्या उन्हाकडे पाहिलं. त्याचा तो चेहरा मी शेकडो मांडवांत पाहिला होता.

त्यानं अंकुशला म्हटलं, तेवढी उडी एकदा घे. अंकुश म्हणाला, भाऊ, माती ओली झाली. आमच्याकडची काळी माती ओली झाली की तिच्यावर बैल घसरतो, हे भाऊला ठाऊक नव्हतं असं कोणी म्हणू नये. हळू घेजो, भाऊ म्हणाला. अंकुशनं घेतली. हळू आला, उडाला, नीट उतरला आणि हसत आमच्याकडे वळला. शॉट चांगला होता. मी तिथं माईक धरून उभा होतो, मी शपथेवर सांगतो, चांगला होता. पण भाऊचं डोकं कॅमेऱ्यावरून वर आलं आणि त्याचा हात वर गेला. "एक डाव अजून. जरा जोरात."

अंकुशनं ऐकलं. का ऐकलं म्हणाल, तर भाऊचं सगळेच ऐकत, लग्नातल्या त्या मामानं ऐकलं तसे. गाडी उंच गेली, सुंदर गेली, आणि उतरली ती आडवी. चाक ओल्या मातीवर सरकलं आणि अंकुशचा पाय गाडीखाली सापडून गाडीसकट फरपटला.

वर्ध्याच्या दवाखान्यात पाय गुडघ्याखालून काढावा लागला. सुगंधाबाई आली आणि येताक्षणी भाऊच्या अंगावर कोसळली. तुमी होते म्हणून जित्ता आनला, तुमी नसते तर तिथंच मेला असता, असं बडबडत राहिली. भाऊनं तोंड उघडलं. तेवढ्यात पलंगावरून अंकुशनं त्याचं मनगट धरलं. आई डॉक्टरकडे गेल्यावर तो भाऊला म्हणाला, "भाऊ, शर्यतीतच पडलो म्हना. फोटोसाठी उडी मारत होतो म्हनलं तर गावातले लोकं हासतीन." मग म्हणाला, ते शील्ड पण तुम्हीच ठेवा, पडलो म्हटल्यावर शील्ड कशाचं, असं आई विचारेल.

त्या क्षणी भाऊला सुटल्यासारखं वाटलं. हे त्यानं मला कित्येक वर्षांनी सांगितलं, आणि सांगताना त्याची मान खाली होती. पोराचा पाय गेला, आणि त्या पोरानंच तोंड बंद करायला सांगितलं तेव्हा मला बरं वाटलं, गजा, असं तो म्हणाला.

तर फिल्ममध्ये अंकुश शेवटच्या फेरीत पडतो. मोठी उडी, तिरपं ऊन, गाडी आडवी, आणि खाली गर्दीचा आरडाओरडा. तो आरडाओरडा दुपारचा होता, तो मी तिथं आणून बसवला. माझं सोडा. दुसरा आलेला अंकुश त्या फिल्मनं पुसून टाकला. आता तो शर्यत पुरी न करता आलेला, पाय गमावलेला पोरगा होता, आणि लोकांना तोच आवडला. फिल्मला मोठं बक्षीस मिळालं. परीक्षक म्हणाले, असा क्षण नशिबानंच कॅमेऱ्यात सापडतो. भाऊ स्टेजवर उभा होता. शाल खांद्यावर पडताच तो माईककडे न जाता खाली उतरला, आणि लोकांना वाटलं, बिचारा भारावला.

त्यानंतर त्याला कामं इतकी आली की स्टुडिओला महिना-महिना कुलूप राही. आणि माणूस बदलला. शर्यतीच्या ठिकाणी ‘एक डाव अजून’ हे शब्द मी त्याच्या तोंडून पुन्हा कधी ऐकले नाहीत. हुकलं ते हुकलं. कोणी निर्माता म्हणाला, तशी एखादी पडण्याची जागा द्या, की तो लघवीला जातो म्हणून उठे आणि परत येत नसे. नंतरच्या त्याच्या फिल्मांत कोणी पडतच नाही. अँब्युलन्सच्या ड्रायव्हरवर फिल्म केली, वळणावर दिवसभर झेंडा धरून उभ्या राहणाऱ्या माणसांवर केली, आणि अपघात झाला की कॅमेरा दुसरीकडे वळे. पेपरवाल्यांनी लिहिलं, काय हा संयम! अहो, संयम कसला? शरम होती ती. पण शरमेलाही पुण्या-मुंबईकडे चांगलं नाव मिळतं.

आणि त्याला सगळ्यात छळलं ते सुगंधाबाईच्या शेंगांनी. पौष महिन्यात तुरीला शेंगा भरल्या की ती अल्लीपूरहून एसटीनं हिंगणघाटला येई. स्टुडिओच्या फरशीवर बसे आणि पिशवीतून उकडलेल्या शेंगांचं गरम गाठोडं काढून भाऊपुढे ठेवी. माझ्या घरच्या वावरातल्या हायेत, म्हणे. मग पोराला शिव्या घालायला सुरुवात. त्याले माज होता, शर्यतीत कोनाले पुढं जाऊ देऊ नये असा माज. हळू चालवली असती तर आज दोन पायावर राह्यला असता. मी त्याले रोज म्हनतो, तुह्या हातानं केलं तू. भाऊ एक शेंग सोलून दाणे मुठीत धरून बसे. तोंडात टाकत नसे. बाई गेली की गाठोडं माझ्याकडे सरकवी. मी खाई. शेंगांचा काय दोष, असं म्हणून खाई.

एकदा तो अल्लीपूरला गेला. अंकुशनं नकली पाय बसवून घेतला होता आणि शेड पुन्हा चालू केली होती. भाऊनं त्याला बाजूला घेऊन म्हटलं, तुझ्या आईला खरं सांगू दे. अंकुश हातातला स्पार्क प्लग पुसत राहिला. त्याच्या शेडवर मोठ्या अक्षरांत ‘रेसर’ लिहिलेलं होतं. आजूबाजूच्या गावांतले पोट्टे गाडी त्याच्याकडेच आणत, कारण हा तो फिल्ममधला माणूस. तो म्हणाला, "तुमचं मन हलकं करासाठी माहं नाव काऊन घालवता, भाऊ?" भाऊ परत आला आणि त्यानंतर अल्लीपूरवरून जाणारी एसटी आली की तो ती सोडून देई. तिकडून वर्ध्याला जायचं असलं तरी लांबचा फेरा घेई.

मी त्याला म्हणे, पोरगाच नको म्हणतो, मग तुम्ही कशाला जिवाला लावून घेता? पण त्याला ठाऊक होतं की अंकुशनं जे मागितलं ते त्याच्याही सोयीचं होतं. पोराची अब्रू राखतो, असं म्हणत त्याला स्वतःची राखता येत होती. यात आपण कोणासाठी गप्प आहोत, हे त्यालाच कळेनासं झालं होतं. आणि तिकडे माय पोराला रोज बोलत होती.

मागल्याच्या मागल्या पौषात ती आली तेव्हा थकलेली होती. गुडघे दुखत होते. मी तिथंच होतो, एका माईकची वायर जोडत. दोन गिऱ्हाइकं पासपोर्टच्या फोटोसाठी बसली होती. बाईनं शेंगा ठेवल्या, नेहमीसारखं पोराला बोलून घेतलं. म्हणाली, आता माह्यानं येनं होत नाई, ही शेवटची खेप समजा. आणि उठताना, आम्हाला काही कळायच्या आत, ती वाकली आणि तिनं भाऊच्या पायांवर डोकं ठेवलं. त्याच्याहून मोठी बाई.

भाऊ ताडकन मागे सरला. खुर्ची पडली. मग तो तिच्यासमोर फरशीवरच बसला आणि म्हणाला, "बाई, त्याचा पाय मी घेतला."

आणि त्यानं सगळं सांगितलं. पाणी मारलेलं, अंकुश नको म्हणत होता ते, पहिली उडी चांगली झाली होती ते, आणि आपण पुन्हा जोरात मार म्हटलं ते. काही सोडलं नाही. दवाखान्यात पोरानं काय मागितलं तेही सांगितलं, पण ते सांगताना म्हणाला, त्याले दोष देऊ नका, तो पोरगा होता, मी नव्हतो. गिऱ्हाइकं उठून कधी गेली मला कळलं नाही. मी वायर हातात धरून बसलो होतो.

सुगंधाबाई रडली नाही. तिनं एकच विचारलं.

"म्हनजे शर्यत त्यानं पुरी केलती?"

"केलती. दुसरा आलता."

"दुसरा?"

भाऊ उठला. आतल्या कपाटातून फडक्यात गुंडाळलेलं शील्ड आणलं आणि तिच्यापुढे धरलं. तिला वाचता येत नव्हतं. तिनं त्यावरून बोट फिरवलं, मग आपल्या बोलीत काहीतरी पुटपुटली, ते आम्हाला कळायचं नव्हतंच. "मी त्याले रोज बोलून राह्यली होती," ती म्हणाली. "जेवाले वाढताना बोलत होती."

मग तिनं शील्ड पिशवीत घातलं. भाऊपुढचं शेंगांचं गाठोडं पुन्हा बांधलं आणि तेही पिशवीत घातलं. आमच्याकडे दिलेलं कोणी परत नेत नाही. शत्रूच्या घरी दिलेलं असलं तरी नेत नाही. भाऊकडे न पाहता ती म्हणाली, "हे मी माह्या पोराले नेतो." आणि गेली. भाऊ दारापर्यंतही गेला नाही. खुर्ची तशीच आडवी पडलेली, आणि हा फरशीवर.

तिनं गावभर सांगितलं. माझा पोरगा दुसरा आलता, पाय तर त्या शूटिंगवाल्यानं घालवला, असं दारोदार शील्ड घेऊन सांगितलं. म्हातारीच्या अंगात कुठून बळ आलं कोण जाणे. आणि अंकुश म्हणाला होता तसंच झालं : काही लोक हसले. फोटोच्या हौशीपायी पाय गमावला म्हणाले. अंकुश एका दुपारी स्टुडिओत आला, दारातच उभा राहिला आणि म्हणाला, झालं मन हलकं? भाऊ नाही म्हणाला. अंकुश दारातूनच परत गेला. मला दोघांचीही कीव आली आणि रागही आला. एवढा खटाटोप करून सुखी कोण झालं, तर ती एकटी म्हातारी, आणि तीही अर्धीच.

त्यानंतर भाऊनं काम बंद केलं. ती फिल्म कुठेही दाखवू नका असं त्यानं लिहून कळवलं, पण एकदा बाहेर गेलेलं कोण परत देतं? तो माझ्याशीही फारसं बोलेना. मंगळवारी सकाळी सायकल काढून कुठेतरी जाई, एवढं मला दिसे. मला वाटलं, देवळात जात असेल. वय झालं की जातात.

मग एका मंगळवारी मला अल्लीपुरात एका लग्नाची बोलणी करायला जायचं होतं. स्कूटरनं जाताना अंकुशची शेड आली. ‘रेसर’ अजून होतंच. बाहेरच्या बाकावर चार-पाच माणसं गाडी दुरुस्त व्हायची वाट पाहत बसली होती, आणि टोकाला, मांडीवर हात ठेवून, दिवाकरभाऊ. इतक्या लांब सायकल हाणत आला होता. मी थांबलो, त्याच्या शेजारी बसलो. अंकुश गाडीत डोकं घालून काम करत होता, त्यानं आम्हा दोघांकडे पाहिलंही नाही.

सुगंधाबाई आतून चहा घेऊन आली. एकेकाच्या हातात कप देत बाकाच्या या टोकापासून त्या टोकाकडे. मला दिला. मग भाऊच्या समोरून पुढे गेली, शेडमध्ये पोराला दिला आणि रिकामं ताट घेऊन घरात गेली. ताटात एक कप उरला असता तर गोष्ट वेगळी. तिनं आणलेच मोजून होते.

माझा चहा माझ्या हातात अवघडला. मी अर्धा बशीत ओतून त्याच्यापुढे केला. त्यानं माझा हात हळूच मागे सारला.

"राहू दे, गजा," तो म्हणाला. "दर मंगळवारी असंच करते ती. मी येत असतो."

"कायले येता मग?"

"इतके वर्षं तिनं मले खोटंच देल्लं. आता बरोबर देऊन राह्यली."

मी चहा कसाबसा संपवला आणि उठलो. स्कूटर चालू केली. तो उठला नाही. बोलणी उरकून परत येताना पाहिलं, तर गिऱ्हाइकं गाड्या घेऊन गेली होती, बाक रिकामं झालं होतं, आणि सगळ्यांनी मोकळी केलेली ती लांबलचक जागा असतानाही तो टोकालाच बसून होता.